झटका दोन मिनिटांचा, धास्ती वर्षभराची



मोसंबीच्या बागेला ताण देणे म्हणजे काय, हे आमच्या जालन्याकडच्या शेतकऱ्याला सांगायला नको. आंबे बहार धरायचा म्हणजे बागेचे पाणी तोडायचे, पाने मलूल होऊन पिवळी पडू लागेपर्यंत थांबायचे आणि मग बेताबेताने पाणी सोडायचे. हलक्या जमिनीला ताण थोडे दिवस, भारी जमिनीला जास्त दिवस. ताण बेताचा असला तर झाड फुलते. नेम चुकला तर पानगळ होते, फांद्या वाळतात. आणि झाडाला आधीच डिंक्या लागलेला असेल, तर तेच झाड सर्वांच्या आधी बसते.

माणसाचेही असेच आहे. काळजी, धास्ती, जागरण, कर्ज यांचा ताण सगळ्यांनाच येतो. पण ज्याच्या अंगात मिरगीचा, म्हणजे फेफऱ्याचा आजार आहे, त्याला तो ताण डिंक्याच्या झाडासारखा बाधतो. आज त्याविषयीच बोलायचे आहे.

मी डॉक्टर नाही. शेतकीचा पदवीधर आहे आणि बियाणे, खते, फवारणी यांविषयी बोलत गावोगाव हिंडलो आहे. तरी हा विषय घेतला, कारण हा आजार आमच्याच घरात आहे.

आमच्या घरची गोष्ट

१९९४ साल. ज्वारीची खळी चालू होती. माझा धाकटा भाऊ तेव्हा सतरा वर्षांचा. मळणी यंत्राशेजारी उभा असताना तो एकदम ताठ झाला, खाली कोसळला, हातपाय झटकू लागला आणि तोंडाला फेस आला. बायाबापड्या ओरडल्या. कोणी जोडा आणला, कोणी कांदा फोडला. मी शेतकी कॉलेजच्या शेवटच्या वर्षाला होतो. पिकांचे रोग शिकलेला मी, पण भावाच्या नाकाला कांदा मीच लावला. दोन मिनिटांनी तो शांत झाला. आम्हाला वाटले, कांद्याने उतरले. आज कळते की तो झटका आपला आपणच थांबला होता.

पुढची दोन वर्षे गंडेदोरे आणि नवससायास यांत गेली. १९९६ साली त्याला दवाखान्यात नेले, गोळ्या सुरू झाल्या आणि झटके थांबले. लग्न झाले, मुले झाली. पंधरा-सोळा वर्षे एकही झटका नाही. घरात सगळे विसरून गेले.

मग २०१२ चा दुष्काळ आला. मराठवाड्यातल्या मोसंबीच्या बागा उभ्या वाळल्या. भावाने बाग वाचवण्यासाठी टँकर लावले. टँकर कधी रात्री एकला यायचा, कधी तीनला. बाग जगवायची म्हणून तो जागा राहायचा. हातउसने वाढले. गोळ्या संपल्या की चार-चार दिवस आणायच्या राहून जायच्या. तोच पैसा टँकरला जायचा. २०१३ च्या उन्हाळ्यात एका पहाटे तो बांधावरच पडला. आठवड्याने पुन्हा पडला.

झटक्यापेक्षा वाईट ते पुढेच होते. तो बाजाराला जाईना. लग्नकार्याला जाईना. एकटा शेतात जाईना आणि कोणी सोबत आले की चिडायचा. रात्री झोपेत झटका येईल या भीतीने डोळा मिटायचा नाही, आणि झोप नाही म्हणूनच झटका यायचा. एकदा मला म्हणाला, "दादा, झटका आल्यावर मला काही कळतच नाही. त्याचं मला काही वाटत नाही. तो कधी येईल, या धास्तीनं मी रोज मरतो."

हे वाक्य मी विसरलेलो नाही. झटका दोन मिनिटांचा होता, धास्ती वर्षभराची होती. आणि आम्ही घरचे लोक फक्त झटके मोजत होतो.

हा आजार म्हणजे काय

मेंदूचे सगळे काम बारीक बारीक विजेच्या लहरींवर चालते. १९२४ साली हान्स बर्गर नावाच्या जर्मन डॉक्टरने माणसाच्या मेंदूतल्या या लहरी प्रथम यंत्रावर उतरवल्या. आज दवाखान्यात डोक्याला तारा लावून जो आलेख काढतात, तो त्यातूनच आला. या विजेची एकाएकी गडबड झाली की झटका येतो. विहिरीवरच्या मोटारीचा दाब कमीजास्त झाला की स्टार्टर पडतो ना, तसेच काहीसे. मोटार जळालेली नसते. ती पुन्हा चालू होते.

मेंदूला ही खोड लागण्याची कारणे अनेक आहेत. जन्मताना बाळ गुदमरणे, डोक्याला मार, मेंदूज्वर, लकवा ही त्यांतली काही. डुकरामार्फत पसरणाऱ्या एका फीतकृमीची अंडी घाण पाण्यातून किंवा न धुतलेल्या भाजीतून पोटात गेली, तरी त्याची गाठ मेंदूत होऊन झटके येतात. म्हणून संडासाचा वापर आणि भाजी धुणे हेही या आजारावरचे औषधच आहे. पुष्कळांच्या बाबतीत मात्र नेमके कारण सापडत नाही.

हा आजार शिवल्याने होत नाही. शापाने, करणीने, मागच्या जन्मीच्या पापाने होत नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या हिशेबाप्रमाणे जगात सुमारे ५ कोटी लोकांना तो आहे आणि नीट निदान होऊन नीट औषध मिळाले, तर १०० पैकी ७० जणांचे झटके थांबू शकतात.

ताण झटका कसा ओढून आणतो

काळजीचे आणि या आजाराचे नाते आजचे नाही. चरकसंहितेत अपस्माराच्या कारणांमध्ये चिंता, भय, क्रोध आणि शोक यांची नावे आहेत. आजचे डॉक्टर ते वेगळ्या शब्दांत सांगतात. झटका कशाने आला असे रुग्णांना विचारले की ताणाचे नाव सर्वांत अधिक वेळा निघते.

एक मात्र नीट समजून घ्या. नुसत्या काळजीने धडधाकट माणसाला मिरगीचा आजार लागतो असे नाही. आजार आधी असतो. ताण त्याला जागा करतो. आणि त्याच्या येण्याच्या वाटा ठरलेल्या आहेत.

पहिली वाट झोपेची. काळजीने झोप उडते आणि झोप मोडली की मेंदूची वीज बिघडते. आपल्याकडे तर काळजी नसली तरी झोप मोडते. अजून अनेक गावांत शेतीची वीज एक आठवडा दिवसा, एक आठवडा रात्री येते. गहू-हरभऱ्याला पाणी द्यायला थंडीत रात्रभर दारे धरावी लागतात.

दुसरी वाट चुकलेल्या गोळीची. मन ठिकाणावर नसले की गोळी विसरते, किंवा पैशाच्या ओढीत आणायची राहते. रोज घेतलेली गोळी एकदम बंद करणे हे झटक्याला आवतण देण्यासारखे आहे.

तिसरी वाट दारूची. काळजी बुडवायला माणूस पितो. दारूने झोप बिघडते, गोळी चुकते. आणि रोज भरपूर पिणाऱ्याने एकदम सोडली, तर पहिल्या एकदोन दिवसांतच झटका येऊ शकतो. म्हणून दारू सोडायची ती जरूर सोडा, पण डॉक्टरांना सांगून सोडा.

याखेरीज भीतीने छाती धडधडते, श्वास भराभर चालतो, अंगात ताणाची द्रव्ये वाढतात. त्यानेही काहींच्या मेंदूतली वीज बिघडते.

झटका धास्ती कशी पेरतो

आता उलट बाजू पाहा. चारचौघांत पडलेल्या माणसाकडे गाव कसे पाहते, हे आपण जाणतो. लोक त्याला बैलगाडी हाकू देत नाहीत, पंगतीत वाढायला बोलावत नाहीत. पोराला शाळेतून काढतात. असा माणूस आतल्या आत खचणार नाही तर काय होईल?

शिवाय मेंदूचा जो भाग भीती निर्माण करतो, त्याच्या आसपासच कित्येकांच्या झटक्याचे मूळ असते. म्हणून काहींना झटक्याआधी काही क्षण उगाचच प्रचंड भय वाटते. काहींना गोळ्यांमुळेही चिडचिड किंवा उदासी येते. तसे झाले तर गोळी आपल्या मनाने बंद करू नये. डॉक्टरांना सांगावे, ते बदलून देतात.

ठिकठिकाणी झालेल्या पाहण्या एकत्र करून पाहिल्या, तेव्हा या आजाराच्या दर पाच जणांत साधारण एकाला उपचार लागावा इतकी चिंता आणि साधारण एकाला तितकीच उदासी असल्याचे दिसले. म्हणजे ताणाने झटका, झटक्याने धास्ती, धास्तीने जागरण आणि जागरणाने पुन्हा झटका. मोटेच्या बैलासारखी त्याच धावेवर येरझार. माझा भाऊ त्यातच सापडला होता.

ही येरझार नुसत्या झटक्याच्या गोळीने थांबेलच असे नाही. धास्तीवरही इलाज करावा लागतो. आज मला सांगायचे आहे ते मुख्यतः इतकेच.

प्रत्येक पडणे मिरगी नव्हे

काही जणांना, विशेषतः मनावर मोठा घाव बसलेल्या तरुण मुलीबायांना, अगदी मिरगीसारखे दिसणारे झटके येतात. पण मेंदूच्या विजेत त्या वेळी बिघाड नसतो. मनातला दाब शरीरावाटे बाहेर पडत असतो. लोक म्हणतात, "सोंग करते." तसे नाही. ती जाणूनबुजून काही करीत नसते. तिला मिरगीच्या गोळ्यांचा उपयोग नसतो. समुपदेशनाचा, म्हणजे जाणकाराशी बोलून मन हलके करण्याच्या उपचाराचा असतो. काहींना दोन्ही तऱ्हेचे झटके असतात.

हे ओळखणे तुमचे-माझे काम नाही. पण तुम्ही एक मदत करू शकता. झटका आला की एकाने रुग्णाला सांभाळावे आणि दुसऱ्याने मोबाइलवर त्याचे चित्रण करावे. ते गावात दाखवत फिरू नये. फक्त डॉक्टरांना दाखवावे. त्यांना त्यातून पुष्कळ कळते.

तांदळाच्या डब्यातली गोळी

माझ्या फिरतीच्या एका गावात एक सून होती. माहेरी असताना तिला झटके यायचे, गोळीने थांबले होते. लग्नात ही गोष्ट लपवली. ती बिचारी गोळ्या तांदळाच्या डब्यात ठेवी आणि कोणी नसताना घेई. घरात पाहुणे आले, स्वयंपाकघरात गर्दी झाली की गोळी चुके. कोणी पाहील या धास्तीने रात्र रात्र झोप नसे. शेवटी दिवाळीच्या फराळाच्या वेळी चुलीपाशी झटका आला आणि हात भाजला. मग सगळे उघड झाले, भांडणे झाली. सासू मात्र शहाणी निघाली. ती म्हणाली, "आता डबा देवळीत ठेव. तू विसरलीस तर मी आठवण देईन." त्यानंतर मी त्या घरी चारदा गेलो. झटका आल्याचे ऐकले नाही.

लपवणे हाच एक मोठा ताण आहे. एके काळी हिंदू विवाह कायद्यातच या आजाराची आडकाठी होती. १९९९ साली कायदा दुरुस्त करून ती काढून टाकली. कायद्याने जे काढले ते आपणही मनातून काढावे. लग्न ठरवताना आजार सांगावा, आणि सांगणाऱ्याचा मान राखावा. या आजाराच्या बहुतेक बायका सुखरूप बाळंत होतात. काही गोळ्या पोटातल्या बाळाला बाधतात, म्हणून दिवस राहण्याआधीच डॉक्टरांशी बोलून घ्यावे.

घरच्यांनी काय करावे

झटका आला तर:

१. घाबरू नका. जवळचे दगड, विळा, कोयता, चुलीतला विस्तव दूर करा. डोक्याखाली मऊ कापड ठेवा.

२. त्याला कुशीवर वळवा, म्हणजे लाळ बाहेर येईल. गळ्याभोवतीचे बटण, उपरणे सैल करा.

३. तोंडात चमचा, बोट, पाणी काहीही घालू नका. हातपाय दाबून धरू नका. कांदा, जोडा यांचा काही उपयोग नाही.

४. घड्याळ पाहा. झटका ५ मिनिटांपेक्षा लांबला, शुद्धीवर येण्याआधी दुसरा आला, बाई गरोदर असली, मोठी इजा झाली किंवा आयुष्यातला पहिलाच झटका असला, तर १०८ ला फोन करून गाडी बोलवा.

५. फवारणी करताना किंवा केल्यावर कोणाला झटके आले, लाळ गळू लागली, तर ती मिरगी समजून बसू नका. विषबाधा असू शकते. औषधाचा डबा किंवा त्यावरचा कागद बरोबर घेऊन लगेच दवाखाना गाठा.

एरवी:

६. गोळी ठरल्या वेळी. संपायच्या आठ दिवस आधी नवीन आणावी. सरकारी दवाखान्यात चौकशी करावी. नेहमीच्या गोळ्या तिथे मिळतात.

७. रात्रीचे पाणी त्याच्याकडे देऊ नका. भावाभावांत, शेजाऱ्यांत पाळी बदलून घ्या. विहिरीच्या काठी, ट्रॅक्टरवर, मळणी यंत्रावर त्याला ठेवू नका. पण रिकामाही बसवू नका. खुरपणी, तोडणी, जनावरांची वैरण अशी कितीतरी कामे आहेत. काम गेले की माणसाचा मान जातो आणि मान गेला की धास्ती वाढते.

८. वहीत लिहा: झटका कधी आला, आदल्या रात्री झोप किती झाली, गोळी चुकली होती का, घरात काय घडले होते. आपण पावसाची नोंद ठेवतो तशीच ही ठेवावी. चार महिन्यांत त्याची वाट दिसू लागते.

९. दिवसातून दोनदा शांत बसून श्वास सावकाश आत घ्यावा आणि त्याहून सावकाश सोडावा. भजनाने, फिरण्याने बरे वाटत असेल तर ते करावे. मात्र हे गोळीच्या जोडीने. गोळीच्या जागी नव्हे.

१०. सतत धडधड, झोप नाही, जेवण नाही, कशातच मन नाही असे पंधरा दिवसांवर चालले, तर मनाच्या डॉक्टरांना दाखवावे. मनाच्या डॉक्टरकडे जाणे म्हणजे वेडे होणे नव्हे. "जगून काय करू" असे कोणी बोलले, तर हसण्यावारी नेऊ नका. त्याला एकटे सोडू नका आणि फवारणीची औषधे कुलपात ठेवून किल्ली दुसऱ्याकडे द्या.

मन मोकळे करायला माणूस कुठून आणायचा, असे विचाराल. सरकारने २०२२ साली सुरू केलेल्या टेलि-मानस सेवेचा १४४१६ हा क्रमांक आहे. रात्री-अपरात्रीही त्यावर मराठीत बोलता येते आणि पैसे पडत नाहीत. आणि गावातला माणूसही हे काम करू शकतो. अमरावती जिल्ह्यातल्या ३० गावांत 'विश्राम' नावाचा उपक्रम झाला. त्यात गावातल्याच लोकांना शिकवून तयार केले आणि ते घरोघरी जाऊन उदासीत सापडलेल्यांशी बोलू लागले. दीड वर्षात, उपचार घेणाऱ्यांचे प्रमाण सुमारे सहा पटींनी वाढले. शेतकरी बोलत नाही असे आपण म्हणतो. ऐकणारा दारी आला की तो बोलतो.

पुढे काय झाले

२०१३ साली भावाला घेऊन मी पुन्हा दवाखान्यात गेलो. डॉक्टरांनी झटके किती आले हे नंतर विचारले. आधी विचारले, "झोप किती होते? गोळी किती वेळा चुकली? मनावर काय ओझे आहे?" तिसऱ्या प्रश्नाला माझा भाऊ रडला. वडील वारले तेव्हाही मी त्याला रडताना पाहिले नव्हते. डॉक्टरांनी गोळ्या पुन्हा बसवून दिल्या, मनाच्या डॉक्टरांकडेही पाठवले. आम्ही घरच्यांनी बसून कर्जाचा आकडा कागदावर मांडला. अर्धी बाग गेली होती, ती गेली असे धरून चाललो. रात्रीचे पाणी पुतण्याने आपल्याकडे घेतले.

झटके कमी व्हायला सहा महिने लागले. धास्ती जायला दोन वर्षे लागली. आजही क्वचित, घरात आजारपण किंवा मोठे जागरण झाले, तर एखादा झटका येतो. तो येतो आणि जातो. भाऊ उठतो, चूळ भरतो, थोडा झोपतो आणि दुसऱ्या दिवशी बाजाराला जातो.

वाळलेल्या अर्ध्या बागेच्या जागी त्याने नवी मोसंबी लावली आहे. बहाराचा ताण किती दिवस द्यायचा हे तो आता मला विचारत नाही. माती हातात घेऊन तोच ठरवतो. मी गेलो की मात्र मी त्याला विचारतो, "झोप झाली का रे?" तुमच्या घरात, शेजारी, भावकीत असा कोणी असेल, तर झटके किती आले हे विचारण्याआधी त्यालाही एकदा हेच विचारून पाहा.